शेंदराखालची बाई

सोलापूरला जाऊन आलो म्हटले की पुण्यात जो तो एकच विचारतो, लुगडी आणलीत का? नाही आणली. मी एक बाई आणायला गेलो होतो, आणि तीही आणता आली नाही. तरी हेलपाटा फुकट गेला असे मी म्हणणार नाही. फुकट हेलपाटे घालणारा माणूस मी नव्हे.

माझा धंदा जुन्या लाकूडसामानाचा. पाडलेल्या घरांचे दरवाजे, खांब, झोपाळे घेतो आणि विकतो. त्याआधी नऊ वर्षे मी मामांकडे प्लास्टर कालवले. माझे मामा केशव पांचाळ हे मूर्तिकार होते. हे वाक्य मला अजून लोकांना पटवून द्यावे लागते, तोच माझा राग आहे.

पुण्यातल्या एका मंडळाने आपल्याकडच्या शिल्पकारांची कामे कायमची मांडून ठेवायला एक दालन काढले. मी मामांच्या कामांचे सहा फोटो घेऊन गेलो. चिटणिसांनी ते पत्त्यांसारखे पिसले आणि परत दिले. "फोटो कुणीही आणील. त्यांच्या हातचे एक तरी काम दाखवा. माघ संपेपर्यंत यादी उघडी आहे." त्यांच्या शेजारी बसलेले गृहस्थ म्हणाले, "पांचाळ म्हणजे ते गणपती करणारे ना?" यावर मी जे बोललो ते छापण्यासारखे नाही.

पण काम दाखवायचे कुठून? मामा गेले, मागे कारखान्याचे छप्पर दोन पावसाळे गळत राहिले, आणि प्लास्टरला पाण्याइतका वैरी नाही. उरलेसुरले तुकडे घरमालकाने जोत्याच्या भरावात घातले. मी तेव्हा माझे दुकान उभे करण्यात इतका गुंतलो होतो की तिकडे फिरकलो नाही. याचाही राग आहे, पण तो कुणावर काढावा हे कळत नाही.

शेवटी मामींच्या पेटीत एक पत्र सापडले. सोलापुराहून लिहिलेले, बावीस वर्षांपूर्वीचे. एका गिरणीमालकाने त्यांना बोलावून घेतले होते. मामा लिहितात: "मालकाला फाटकावर कमळातली लक्ष्मी हवी होती. मी कांड्या भरणारी बाई केली. त्याने नाकारली. बाई इथेच विणकरांच्या गल्लीत ठेवून येतो. माझ्या हातून याहून बरे काही झालेले नाही." पुढे गल्लीची खूण दिली होती: विहीर, निंब आणि पंतोजींची शाळा.

पौष सरत आला होता. मी दुकानाला कुलूप घातले आणि गाडीत बसलो.

टांगा आणि गल्ली

सोलापूर स्टेशनाबाहेर पडले की आधी गिरण्यांच्या चिमण्या दिसतात, मग गाव दिसते. हवा कोरडी. सकाळी कानाला रुमाल बांधावा आणि दुपारी तोच भिजवून डोक्यावर घ्यावा, असा थंडीचा महिना. टांगेवाल्याने भाडे सांगितले, मी सवयीने त्याचे अर्धे केले. पुण्यात यावर निदान पाव तास हुज्जत होते. हा लगेच "बैठो सेठ" म्हणाला. मी खुशीत बसलो. बाजार ओलांडून झाल्यावर त्याने एका मोकळ्या जागी घोडा थांबवला.

"उतरो."

"इथे कुठे? गल्ली कुठे आहे?"

"आगे है. आदा भाडा, आदा रस्ता."

मी चिडलो, त्याच्या घोड्यापर्यंत सगळ्यांचा उद्धार केला. तो बिडी ओढत शांतपणे ऐकत राहिला. शेवटी मी ट्रंक खांद्यावर घेऊन चालू लागलो. पंधरा वर्षे सौदे करतो आहे, पण इतक्या स्वच्छ सौद्यात कुणी मला हरवले नव्हते.

विणकरांच्या वस्तीत शिरताना मान खाली घालावी लागते. रस्त्याच्या या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत बांबूंवर रंगवलेले सूत वाळत घातलेले असते. एका गटारातून तांबडे पाणी, दुसऱ्यातून हिरवे. घराघरांत जमिनीत खड्डा, खड्ड्यात पाय सोडून बसलेला पुरुष आणि पुढ्यात माग. पडवीत बाया रहाटावर कांड्या भरतात, म्हणजे मागावर इकडून तिकडे धावणाऱ्या धोट्यात बसवायच्या नळीवर सूत गुंडाळतात. बोलणे आपसात तेलुगू, आपल्याशी मराठी. पुण्यात वाट विचारली की माणूस काम सोडून तुमच्या कुळाची चौकशी करतो. इथे कुणी माग थांबवत नाही; उत्तर मिळते तेही धोट्याच्या ठेक्यात. "इहीर? फुडं. निंब? फुडं. पुतळा? न्हाय हितं पुतळा."

विहीर सापडली, निंबही सापडला. मूर्तिकार कुणाला ठाऊक नव्हता. निंबाखाली पत्र्याचे एक देऊळ होते, त्यात शेंदराची एक बसलेली देवी. जवळजवळ माणसाएवढी, पण सगळा नुसता तांबडा गोळा. त्याला चांदीचे डोळे चिकटवलेले, मनगटाच्या जागी काचेच्या बांगड्या. मी हात जोडून पुढे निघालो होतो. मग मान दिसली.

मामांच्या बाया मान एका खास तऱ्हेने वळवत. डोळे कामाकडे आणि कान दाराकडे. ती मान इतक्या शेंदरातूनही लपली नव्हती.

आजूबाजूला पाहिले, कुणी नव्हते. मी देवीच्या मागे गेलो, खिशातला चाकू काढला आणि बैठकीच्या कडेला नखाएवढा टवका उडवला. आत पांढरे शुभ्र प्लास्टर! इतक्यात मागून किंकाळी आली.

"अय्यो! अव्वाला, देवीला कापतोय!"

गल्लीतले सगळे माग एकदम थांबले. सकाळपासून त्या आवाजाने मी हैराण झालो होतो, पण तो बंद झाल्यावर मी पळायला वाट शोधू लागलो. चाळीस-पन्नास माणसे जमली. एकाने चाकू काढून घेतला, दुसऱ्याने धोतराचा सोगा धरला. मग सगळे बाजूला झाले आणि साठीची एक बाई पुढे आली. नाव नरसव्वा, हे नंतर कळले. गल्लीत तिचा शब्द चालतो, हे न सांगताच कळले.

"चोर हायस काय?"

"चोर नाही. व्यापारी आहे."

"एकच की."

लोक हसले, आणि माझा जीव वाचला. मी भडाभडा सगळे सांगितले. मामांचे नाव घेताच ती माझ्याकडे निरखून पाहू लागली.

"मातीवाला? लांब बोटांचा? उभ्यानं चहा पिणारा?"

"तेच."

"हाय का?"

"बारा वर्षे झाली जाऊन."

तिने माझा चाकू मागून घेतला आणि कमरेला खोचला. मग म्हणाली, "भाचा जेवून जाईल. कापलंय त्याचं मागनं बघू."

नरसव्वाकडचे जेवण

सोलापूरची कडक भाकरी पापडासारखी असते आणि महिनाभर टिकते. ती मोडावी कशी हे मला कुणी सांगितले नव्हते. मी गुडघ्यावर ठेवून दाबली तर तिचे तुकडे चार दिशांना उडाले. घरातल्या सुना पदर तोंडाला लावून हसल्या. सोबत शेंगांची चटणी, दही, कांदा आणि चिंचेचे एक पातळ कच्चे सार. ते उकळतच नाहीत. चिंचेच्या कोळात कांदा, मिरची चुरडतात आणि वरून फोडणी. त्याला पच्चि पुलुसु म्हणतात. मी चार वाट्या प्यालो. आमच्या आमटीत गूळ घालतात असे सांगितल्यावर नरसव्वा म्हणाली, "गूळ जिभंवर ठिवत नसतील, म्हणून आमटीत घालाय लागतो." मी ऐकून घेतले. पुणेकरांबद्दल माझेही फार वेगळे मत नाही.

जेवता जेवता तिने सांगितले. मामा याच घराच्या पडवीत राहत. गल्लीतल्या एका बाईला समोर बसवून त्यांनी दोन महिने माती घडवली, मग त्या मातीचा साचा काढून प्लास्टर ओतले. मालकाने नाकारल्यावर मामांनी मूर्ती निंबाखाली ठेवली आणि ते पुण्याला निघून गेले. पुढे काही वर्षांनी इन्फ्लुएन्झाची साथ आली. नरसव्वाची दोन मुले तापाने फणफणली.

"देवळं लांब. पोरास्नी सोडून जाऊ कुटं? ही दारात व्हती. हिलाच शेंदूर लावला. म्हटलं, माजी पोरं ठिव." मुले वाचली. मग शेजारणींनी शेंदूर लावला. तेव्हापासून दर अमावास्येला, माग बंद असतात त्या दिवशी, तेलात कालवून शेंदूर चढत गेला.

"आणि समोर बसवली होती ती बाई कोण?"

एक सून फिस्सकन हसली. नरसव्वा भाकरीचा तुकडा चटणीत बुडवत म्हणाली, "मीच की."

मी खातच राहिलो. या बाईने आपल्याच मूर्तीला शेंदूर फासून आपल्याच मुलांचे प्राण मागितले होते. माझ्या चेहऱ्यावरचे तिने वाचले असावे.

"मला ठावं हाय ती मी हाय. पर त्या रात्री मला माज्यापरीस मोठी कुनीतरी पायजे व्हती, बिड्डा, लेकरा."

यानंतर मी सौद्याला हात घातला. घाई केली, हे कबूल करतो. म्हणालो, "ही मला द्या. जयपूरची संगमरवरी देवी आणून देतो, हिच्याहून मोठी. जुने द्या, नवे घ्या. माझा धंदाच तो आहे."

"आईबी अशीच बदलून आनलीस काय पुण्यात?"

सुना पुन्हा हसल्या. मी माघार घेतली. मूर्ती नको. शेंदूर काढू द्या, मामांची सही शोधू द्या, फोटो घेऊ द्या, आणि पुढे साचा काढून पुण्यासाठी एक प्रत करू द्या. यावर घरातले पुरुषही बोलू लागले. शेंदराचे कवच देवी आपण होऊन टाकते, माणसाने काढायचे नसते. काढलेच तर ज्याने पहिला हात लावला त्यानेच. पहिला हात नरसव्वाचा.

"काडते," ती म्हणाली. "पर पुण्यात बोर्ड लावशील त्यावर माजं नाव पायजे."

"मूर्तीवर मूर्तिकाराचे नाव असते. समोर बसणाऱ्याचे नाव लिहायची पद्धत नाही."

"का न्हाय?"

"दगडाचे नाव लिहितात का? मातीचे लिहितात का?"

"मी दगुड व्हय?" तिने हातातली वाटी खाली आपटली. "दोन म्हैने मान वळवून बसले. रोजच्या कांड्या कमी पडल्या म्हणून नवऱ्याच्या शिव्या खाल्ल्या. तुज्या मामानं नुसती माती लावली!"

नुसती माती! मी ताटावरून उठलो, हात न धुता बाहेर पडलो आणि तरातरा चालत तळ्यावर गेलो. तळे सुंदर आहे. मधोमध देऊळ, काठाला किल्ला, पाण्यावर बदके. मला काहीच गोड लागले नाही. पायरीवर बसून मी मनातल्या मनात तिला सणसणीत उत्तरे देत होतो. होता होता प्रत्येक उत्तर मला चिटणिसांच्या आवाजात ऐकू येऊ लागले. तेव्हा उठलो.

परत जाऊन म्हणालो, "नाव लावतो. पण मामांच्या खाली. आणि बारीक अक्षरांत."

"बगू," नरसव्वा म्हणाली.

अमावास्या

अमावास्येला दोन दिवस होते. आदल्या दिवसापासून नरसव्वाने करडईच्या कोमट तेलात फडकी भिजवून मूर्तीला गुंडाळली. दुसऱ्या दिवशी माग बंद, त्यामुळे सगळी गल्ली निंबाखाली. तिने आधी चांदीचे डोळे काढून पदरात बांधले, मग बोटांनी कवच चाचपले. ते जुन्या भिंतीचा गिलावा सुटावा तसे सुटू लागले. मला त्याचे कारण ठाऊक होते. मामा प्रत्येक कामावर चपड्याचे, म्हणजे लाखेचे, तीन हात देत. माझ्या लहानपणी ते हात मीच मारत असे. त्या गुळगुळीत लाखेवर शेंदूर बसला होता, पण आत रुतला नव्हता. पुण्यातली सगळी कामे पाण्याने गेली. या बायांच्या तेलाने हे एक उरले.

खांदा निघाला, चोळीची चुणी निघाली, रहाटाच्या दांड्यावरचा हात निघाला. शेवटी चेहऱ्यावरची खपली एकसंध निघून तिच्या हातात आली. आत पस्तिशी उलटलेली एक बाई होती. ओठ जरासे मुडपलेले, डोळे कांडीवर, कान दाराकडे. घाम पुसायला हात उचलेल असे वाटत होते. लोक एकदा तिच्याकडे आणि एकदा नरसव्वाकडे पाहू लागले.

"अत्ता, तुमी येवड्या देखण्या व्हता?" थोरली सून सासूला म्हणाली.

"मग तुजा सासरा उगाच कांड्या मोजत व्हता व्हय गं?"

मी मात्र पाठीमागे गुडघे टेकून बैठक पुसत होतो. तिथे अक्षरे होती, ओल्या मातीत काडीने कोरलेली. प्लास्टरमध्येही ती जशीच्या तशी उतरली होती. अक्षर मामांचेच, शिरोरेघ शब्द संपल्यावरही पुढे ओढलेली. मी वाचले: "नरसव्वा, कांड्या भरताना."

एवढेच. मी बैठकीच्या चारी बाजू पाहिल्या, पदराच्या घड्या पाहिल्या. चार माणसे लावून ती कलती करवली आणि बूडही पाहिले. मामांचे नाव कुठेच नव्हते. मी तिथेच मातीत बसलो आणि मामांना मोठ्याने शिवी दिली. ज्या नावासाठी मी आलो, ते या शहाण्याने घातलेच नव्हते!

"काय लिवलंय?" नरसव्वाने विचारले. तिला वाचता येत नाही. मी वाचून दाखवले.

"माजं नाव?"

"तुमचंच."

"आन त्याचं?"

"नाही."

तिने अक्षरांवरून बोट फिरवले, पहिल्यापासून शेवटपर्यंत आणि पुन्हा पहिल्यापासून. "येडाच व्हता," असे हळूच म्हणाली. मग माझ्याकडे वळली. "आता तुज्या मामाचं काम हाय हे पुण्यात कोण सांगणार रे?"

मी बैठक पुन्हा पुसू लागलो.

"मीच की. मग सांग, बोर्डावर कुनाचं नाव बारीक?"

दुपारी मी चौकातल्या फोटोवाल्याला घेऊन आलो. लोक त्याला उस्ताद म्हणतात. त्याने पाठीमागच्या अक्षरांचा एक फोटो घेतला. मग मूर्तीशेजारी पाट मांडला, रहाट ठेवला आणि नरसव्वाला बसवले.

"अम्मा, हिलना नक्को. मैं दस तक गिनता."

"दोन म्हैने बसले रे मी. धाचं काय कौतुक सांगतोस?"

ती बसली आणि तिने मान वळवली. कुणी सांगितले नव्हते. हात दांड्यावर गेला तशी मानही गेली. केस पिकलेले, गालाला सुरकुत्या, पण कान दाराकडे. उस्ताद काळ्या कापडातून डोके बाहेर काढून म्हणाला, "सेठ, ये तो एकीच औरत है."

निघण्याआधी गल्लीतल्या बायांनी नरसव्वाला अडचण विचारली. आता हिला शेंदूर लावायचा की नाही? ही अव्वा की तुम्ही? तिने फार विचार केला नाही. "पायाला लावा. तोंड मोकळं ऱ्हाऊ द्या. बगू द्या की लोकास्नी." मी तिला चपडा कसा लावतात ते दाखवले आणि डबा तिच्यापाशी ठेवून आलो.

पुन्हा पुणे

उस्तादाकडून फोटो हाती यायला तीन आठवडे लागले. माघ संपायला पाच दिवस असताना मी चिटणिसांच्या टेबलावर दोन्ही फोटो आणि मामांचे पत्र मांडले. त्यांनी भिंग घेतले. अक्षराशी अक्षर ताडून पाहिले. मग दोन बायांचा फोटो खिडकीशी नेऊन बराच वेळ पाहत राहिले. गणपतीवाले गृहस्थ उठून त्यांच्या खांद्यावरून डोकावले, आणि त्यांनी भिंगासाठी हात पुढे केला.

"काम मोठे आहे," चिटणीस म्हणाले. "साचा काढायला आम्ही आमचा माणूस पाठवू." त्यांनी लगेच दालनासाठी चिठ्ठी लिहायला घेतली: केशव पांचाळ. कांड्या भरणारी स्त्री.

"स्त्री नाही," मी म्हणालो. "नरसव्वा. नाव लिहा."

"मॉडेलचे नाव लिहायची पद्धत नाही हो."

हे वाक्य मला तोंडपाठ होते. मी खुर्ची ओढली आणि टेबलाला भिडवून बसलो. मी सौद्याला बसलो की लवकर उठत नाही, हे बाजारात सगळ्यांना ठाऊक आहे. त्या दिवशी ते मंडळालाही कळले. दोनदा चहा आला. एकदा माझा आवाज इतका चढला की शिपाई दारात येऊन उभा राहिला. मी म्हणालो, मूर्तिकाराने स्वतःचे नाव गाळून जे लिहिले ते तुम्ही खोडणार असाल, तर माझे फोटो परत द्या आणि दालनात गणपती बसवा.

चिठ्ठी आता दालनात लागली आहे. साच्यावरून केलेली प्रत खिडकीजवळ बसवली आहे. चिठ्ठीवर दोन ओळी आहेत. पहिली, नरसव्वा, कांड्या भरताना. दुसरी, मूर्तिकार केशव पांचाळ. अक्षरे एकाच उंचीची आहेत. मी पट्टी लावून पाहिली.